उजव्या कोपऱ्यातला लाल ठिपका

बाळाराम गेल्याचं आम्हाला कळलं ते एका सोमवारी सकाळी, सरांचं आर्किटेक्टचं ऑफिस नुकतंच उघडलं होतं तेव्हा. शिरवण्याचा एक ठेकेदार नकाशा न्यायला आला होता. प्रिंटची गुंडाळी काखेत मारून तो दारापर्यंत गेला आणि काहीतरी आठवल्यासारखा परत वळला. “तुमच्याकडं कामाला होता ना, आमच्या गावचा बाळाराम... परवा वारला तो. कावीळ झालेली, ती उतरलीच नाय.” एवढं सांगून तो जिना उतरून गेला. सरांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. सावंतकाका, म्हणजे आमचे सगळ्यात जुने ड्राफ्ट्समन, खिडकीबाहेर बघत राहिले. आणि वर्षभरापूर्वी आमच्याकडे लागलेली मीनल आमच्या सगळ्यांच्या तोंडांकडे आळीपाळीने बघत म्हणाली, “म्हणजे... बाळाराम नावाचा खरंच कुणी माणूस होता?”

त्याला आता दीड महिना होईल. मीनलला दोष देता येणार नाही. ती आली तेव्हा आमच्याकडे बाळाराम हा एक शब्द होता, माणूस नव्हता. रेघ वाकडी गेली, माप चुकलं, प्रिंट फिकी आली, दरवाजा भिंतीत उघडला, की आमच्याकडे ‘बाळाराम झाला’ असं म्हणतात. आमच्याकडेच नाही. वाशीच्या प्रिंटवाल्याकडे म्हणतात, बेलापूरच्या दोन ऑफिसांत म्हणतात, साइटवरचे सेंट्रिंगवाले हिंदीत म्हणतात. एकदा फुटपाथवर एक अनोळखी माणूस नव्या पँटची शिवण दाखवत मित्राला सांगत होता, “टेलरनं पार बाळाराम करून ठेवलाय यार.” तेव्हा मी थबकले होते, आणि मला अभिमान वाटला होता. हे लिहायला जड जातं, पण खोटं लिहून काय उपयोग... तो शब्द मी केला होता.

बाळाराम आमच्या ऑफिसात आला तेव्हा वीस-एकवीस वर्षांचा असेल. आयटीआयचा कोर्स केलेला, हात स्वच्छ, केसांना भरपूर तेल. त्याला ट्रेसर म्हणून घेतलं. सर पेन्सिलीने ट्रेसिंग पेपरवर मूळ नकाशा काढायचे. त्यावर दुसरा ट्रेसिंग पेपर ठेवून शाईने गिरवायचं काम ट्रेसरचं. मग तो कागद माझ्याकडे यायचा. खोल्यांची नावं, मापं, उत्तर दिशेचा बाण, खालची चौकट हे अक्षरकाम माझं. माझं अक्षर बरं होतं. बाकी मी फारशी कुणाशी बोलत नसे. टेबलाचा खण अर्धा उघडा ठेवून त्यात लायब्ररीचं पुस्तक वाचत असे, आणि घरी गेल्यावर कविता लिहून वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांना पाठवत असे. त्या साभार परत येत.

तो शिरवण्याचा, बोलायचा गावच्या बोलीत. आम्ही बाकीचे दादर, गिरगाव, ठाणे सोडून इथे राहायला आलेले. त्यांच्या, म्हणजे इथल्या मूळ गावकऱ्यांच्या, शेतांवर आणि मिठागरांवर उभ्या राहिलेल्या इमारतींत राहायचो आणि त्यांच्या बोलण्याला हसायचो. सावंतकाकांचा रोजचा खेळ होता. “बाळाराम, खाडी ओलांडून उत्तरेला गेलं की कुठलं शहर रे?” तो कागदावरून मान वर न करता म्हणायचा, “ठाना.” “आणि तिथे प्यायला काय मिळतं?” “पानी.” मग सगळे हसायचे. तोही हसायचा. सरांच्या केबिनच्या काचेतून सरही हसताना दिसायचे. मी हसत नसे, पण पुस्तकात बघून गालातल्या गालात... ते हसण्यापेक्षा काही वेगळं नव्हतं.

मग घणसोली गावातल्या एका घराचं काम आलं. जुन्या वस्तीतलं दाटीवाटीचं घर पाडून तीन मजली बांधायचं होतं. सरांनी पेन्सिलीचा नकाशा काढला. त्यावर अक्षर एकही नव्हतं, फक्त रेघा. सोबत मला एक चिठ्ठी दिली, कुठे काय लिहायचं त्याची. बाळारामने तो मूळ कागद बोर्डावर पालथा लावला. ट्रेसिंग पेपर दोन्हीकडून सारखाच दिसतो, त्यामुळे त्याला कळलं नाही. त्याने त्यावर दोन दिवस खपून, एकही डाग न पाडता, अख्खं घर आरशात दिसावं तसं गिरवलं. डावीकडचं सगळं उजवीकडे गेलं. मग कागद माझ्याकडे आला. सरांच्या चिठ्ठीत स्पष्ट लिहिलं होतं, ‘जिना आत शिरताना डावीकडे.’ चिठ्ठी माझ्यासमोर होती. कागदावर जिना उजवीकडे होता. मी त्याच्यावर सुंदर अक्षरात ‘जिना’ असं लिहिलं आणि खणातल्या पुस्तकाचं पान उलटलं.

आठवड्याने घरमालक ऑफिसात आला. गावात लग्न होतं म्हणून दोन दिवस तो साइटवर फिरकला नव्हता. तेवढ्यात ठेकेदाराने नकाशाप्रमाणे चुना टाकून आखणी केली आणि खणायला सुरुवात केली. “सायेब, आमच्या देवाच्या तोंडासमोर संडासाची टाकी खनली तुमच्या मानसांनी!” तो दारातूनच बोलत होता. “माजी आय तिथं रोज दिवा लावते. तिनं सकाळपासून तोंडात पानी नाय घेतलं.” सरांनी त्याला बसवलं, हात जोडले, खड्डा बुजवून पूजा करून द्यायचं कबूल केलं आणि जिन्यापर्यंत पोचवून आले. मग नकाशा आमच्यासमोर टेबलावर आपटला.

“हे कुणी केलं?”

बाळाराम उभा राहिला. “मी, सर.”

“कागद पालथा आहे एवढंही कळलं नाही?”

“नाय कललं, सर.”

मग सर माझ्याकडे वळले. “आणि तू? चिठ्ठी वाचता येते ना तुला?”

नोकरीला मला दोनच वर्षं झाली होती. मी बोलले ते काही ठरवून नव्हे. पण शब्द माझ्याकडे असे येतात, रांगेत उभे असल्यासारखे. मी म्हटलं, “सर, कागद उलटा लावून, वर इतका सुबक गिरवून आणला की काय कळणार? ह्याला चूक नाही म्हणत... ह्याला बाळाराम म्हणायला हवं.”

सावंतकाका असे हसले की त्यांना ठसका लागला. सरही हसले. चिडलेला माणूस हसला की त्याला पुन्हा चिडता येत नाही. माझी चिठ्ठी टेबलावरच राहिली आणि तिचा विषय पुन्हा कुणी काढला नाही. बाळाराम उभाच होता. बसायला सांगेपर्यंत बसायचं नाही असं त्याला वाटत असावं. त्याला कुणी सांगितलं नाही.

शब्द पसरायला वेळ लागला नाही. सर साधारणपणे ‘गचाळ’ म्हणत, सावंतकाका ‘पाट्या टाकल्यात’ म्हणत, ठेकेदार ‘लोच्या’ म्हणत. महिन्याभरात या सगळ्यांची जागा एका नावाने घेतली. “छोटासा बाळाराम आहे, ब्लेडने खरवडून टाक.” “ह्या प्लंबरने तर बाळारामचा बाप काढलाय.” त्याच्याच बोर्डाशेजारी उभं राहून लोक हे बोलत, आणि तो तिथे असल्याचं ध्यानात आलं की “तुला नाही रे” असं म्हणत. कविता परत येत होत्या, पण मी केलेला एक शब्द गावभर चालत होता. संध्याकाळी प्रिंटवाल्याकडे तो ऐकला की मला घरापर्यंत बरं वाटायचं.

आणि याच काळात बाळाराम आमच्या ऑफिसातला सगळ्यात चोख ट्रेसर झाला. त्याने स्वतःसाठी एक पद्धत पाडून घेतली. पेन्सिलीचा मूळ कागद हातात आला की बोर्डावर लावण्याआधी तो सरांच्या केबिनमध्ये जायचा आणि विचारायचा, “सर, ही बाजू सुलटी ना?” सर हो म्हणाले की लाल पेन्सिलीने वरच्या उजव्या कोपऱ्यात एक बारीक ठिपका द्यायचा. ठिपका उजवीकडे दिसला तर कागद सुलटा, डावीकडे दिसला तर पालथा. एवढंच. सहा महिन्यांनी सरांनी सगळ्यांनाच ठिपका द्यायला लावला. त्यानंतर आमच्याकडे कागद पालथा लागल्याचं मला आठवत नाही. त्या ठिपक्याला कुणी काही नाव दिलं नाही.

एकदा त्याने माझ्या कागदावर चूक काढली. मी एका खोलीचं माप लिहिताना आकडे उलटे लिहिले होते. तो माझ्या टेबलाशी आला, इकडेतिकडे बघितलं आणि अगदी हळू म्हणाला, “ताई, इथं जरा... बाळाराम झालाय.” मी वर बघितलं. टोमणा नव्हता. त्याला दुसरा शब्दच आठवला नव्हता.

त्यानंतर काही दिवसांनी जेवणाच्या सुट्टीत तो डबा घेऊन माझ्यासमोर येऊन बसला. “ताई, तुमी इतकी पुस्तकं वाचता. मना एक शब्द द्याल?”

“कसला शब्द?”

“वाकड्या कामाला. माज्या नावाऐवजी बोलायला. तुमी दिलात तर लोक घेतील. आधीचा घेतला ना.”

मी कागद घेतला आणि आठवतील ते लिहीत गेले. गचाळ. गबाळं. भोंगळ. ढिसाळ. थातुरमातुर. विचका. बोजवारा. बट्ट्याबोळ. पाट्या टाकणं. उरकून टाकणं. झोल. त्याने कागद स्वतःकडे फिरवला आणि भाजीच्या दुकानात वांगी निवडावीत तसा एकेक शब्द उलटसुलट करून बघू लागला. “गचाळ नको, हा घानीला बोलतात. विचका लग्नाचा होतो. पाट्या टाकणं... हा कामचोराला हाय. थातुरमातुर म्हंजे ज्याला करायचंच नाय त्याचं काम.” मग थोडं थांबून म्हणाला, “आमची आय, भाकरी वाकडी झाली का बोलते, नकाशा झाला.”

“नकाशा कसा चालेल? त्यावर तर पोट आहे आपलं.”

तो मनापासून हसला. मग पुन्हा कागदाकडे बघत बसला. “ताई, यात मन लावून चुकला त्याला शब्दच नाय.”

मी “बघते” असं म्हटलं. कागद त्याने घडी करून खिशात ठेवला. मी बघितलं नाही असं नाही. एकदा सर म्हणाले, “काय बाळाराम आहे हा,” तेव्हा मी म्हटलं, “सर, विचका म्हणूया का आता?” सर म्हणाले, “छे, विचक्यात मजा नाही. आणि तुझंच अपत्य, तूच मारायला निघालीस?” सगळे हसले. मीही हसले. मला आतून इतकं सुख झालं की पुन्हा मी तो विषय काढला नाही. तो मात्र कितीतरी दिवस जेवताना माझ्याकडे एकदा बघायचा. शब्द मिळाला का, एवढंच त्या बघण्यात असायचं.

त्याचे वडील एकदाच ऑफिसात आले. पोरगा कुठे बसतो, काय करतो ते बघायचं म्हणून, इस्त्रीचा सदरा घालून. बाळारामने त्यांना आपला बोर्ड दाखवला, शाईची पेनं दाखवली, कोपऱ्यातला ठिपका दाखवला. ते मान डोलवत होते. तेवढ्यात एक ठेकेदार प्रिंट नाचवत आत शिरला. “सर, कुणाचा हा बाळाराम? दरवाजा सरळ पिलरमध्ये उघडतोय!” सर केबिनमधून बाहेर आले, प्रिंट बघितली. “अरे, हा तर शंभर नंबरी बाळाराम!” नकाशा सावंतकाकांचा होता. त्यांनी मान खाली घातली आणि खोडरबर शोधू लागले.

म्हाताऱ्याने मुलाला हळू आवाजात काही विचारलं. मुलगा पेनाचं टोपण लावत राहिला. म्हाताऱ्याने पुन्हा एकदा सगळ्यांच्या चेहऱ्यांकडे बघितलं आणि ते सरांना म्हणाले, “ते माजे बापाचं नाव हाय.”

सर गडबडले. “अहो बाबा, गंमत हो. प्रेमाने म्हणतो आम्ही त्याला.”

“माजा बाप खाडीला बांध घालायचा. त्यानं घातलेला बांध भरतीला फुटला नाय कदी.” आवाज अजिबात चढलेला नव्हता. “गमतीला तुमच्या बापाचं नाव नाय का?”

ते जिना उतरून गेले. बाळाराम खिडकीपाशी जाऊन ते रस्ता ओलांडेपर्यंत उभा राहिला, मग येऊन बोर्डावर वाकला. त्या दिवशी त्याच्या हाताखालची एकही रेघ हलली नाही, हे मी बघितलं. आठ दिवस ऑफिसात तो शब्द कुणी काढला नाही. नवव्या दिवशी कुणीतरी कुजबुजत काढला, दहाव्या दिवशी मोठ्याने.

पुढे कॉम्प्युटर आले. ट्रेसिंगचं काम कमी झालं. मी शिकले, सावंतकाकांना सरांनी तसंच ठेवलं, आणि बाळाराम स्वतःहून सोडून गेला. ऐरोलीच्या एका साइटवर सुपरवायझर झाल्याचं कळलं. मध्ये लग्न झालं, आम्हाला पत्रिका नव्हती.

या वर्षी उन्हाळ्याच्या तोंडाशी मी त्याच साइटवर मापं तपासायला गेले होते. दुसऱ्या स्लॅबवर तो उभा दिसला. अंगाने भरलेला, डोक्याला पिवळं हेल्मेट, हातात प्रिंट. खाली सात-आठ माणसं त्याचं बोलणं कान देऊन ऐकत होती. इतक्या दिवसांनी बघून मला खरोखर आनंद झाला. मी खालून हात वर करून जोरात हाक मारली, “बाळाराम!”

त्याने ओळखलं, पण हात वर केला नाही. खालचा एक सेंट्रिंगवाला वळून माझ्याकडे बघायला लागला, मग वर त्याच्याकडे. मग त्याच्या तोंडावर हळूहळू हसू पसरलं. “काय रामभाऊ? बाळाराम म्हंजे ते तुमीच काय?” बाकीचेही हसायला लागले. तेव्हा मला कळलं की इथे तो रामभाऊ होता. अर्धं नाव टाकून देऊन त्याने अर्धं वाचवलं होतं... आणि ते मी, तीन शब्दही न बोलता, दोन मजल्यांच्या अंतरावरून त्याच्याकडून काढून घेतलं.

तो खाली आला. मला चहा दिला. बायको गरोदर असल्याचं सांगितलं, वडिलांच्या डोळ्यांचं ऑपरेशन झाल्याचं सांगितलं. मी माफी मागायला सुरुवात केली तर म्हणाला, “ऱ्हाऊ द्या ताई. तुमाला काय ठाव.” निघताना मागून कुणीतरी ओरडलं, “बाळारामशेठ, सळई मोजायला या!” त्याने मागे वळून ओ दिली. ती आमची शेवटची भेट.

दहाव्यानंतर मी एकटीच शिरवण्याला गेले. सर म्हणाले होते, आपण सगळे जाऊ. पण तो दिवस ठरला नाही. घर म्हणजे दोन खोल्या आणि ओटा, बाजूला भाडेकरूंच्या चार. म्हातारे ओट्यावर बसले होते, डोळ्यांवर ऑपरेशननंतरचा काळा चष्मा. त्यांनी मला आवाजावरून ओळखलं नाही, मी ऑफिसचं नाव सांगितल्यावर ओळखलं. आतून सून पाणी घेऊन आली. सातवा-आठवा महिना असावा.

मी पाणी पिऊन पेला खाली ठेवला. मग मी, काहीतरी बोलायचं म्हणून, बोलू नये ते बोलले. म्हटलं, “मुलगा झाला तर... नाव पुढे चालेल.”

म्हाताऱ्याने चष्मा काढून सदऱ्याला पुसला. “आमच्यात तसाच हाय. गेलेल्या मानसाचं नाव घरातल्या पोराला. माज्या बापाचं मी त्याला ठेवलं, त्याचं त्याच्या पोराला पन ठेवलं असतं. सून नको बोलते.”

सून दाराच्या चौकटीला टेकून उभी होती. तिने माझ्याकडे सरळ बघितलं. “ते घरी आले का मना सांगायचे, आज कोन कोन काय बोलला. हसून सांगायचे. माज्या पोराला नाय ठेवनार मी ते.”

“तुमच्या हापिसात हाय ना ते नाव,” म्हातारे म्हणाले. “तिथंच ऱ्हाऊ द्या.”

मी उठले. सुनेने मला थांबायला सांगितलं, आत गेली आणि घडी पडून पडून चिरलेला एक कागद माझ्या हातात ठेवला. “पाकिटात होता. अक्षर तुमचं हाय, ते सांगायचे.” गचाळ, गबाळं, भोंगळ, ढिसाळ... माझं सुंदर अक्षर. खाली त्याने पेन्सिलीने एक रेघ मारून ठेवली होती आणि रेघेवरची जागा रिकामी सोडली होती.

परवा सर म्हणाले, “तू लिहितेस ना, त्याच्यावर लिही काहीतरी.” मी पुरवणीला विचारलं, आणि जिथून इतकी वर्षं माझं सगळं परत आलं तिथून या वेळी होकार आला. माझं छापून येणारं हे पहिलंच. म्हणजे त्याच्या नावावर मी दुसऱ्यांदा काहीतरी मिळवते आहे, आणि तरीही लिहिते आहे.

सरांचे मूळ कागद अजून पेन्सिलीचेच असतात. काल मी त्यातल्या एकावर लाल ठिपका देत होते. मीनल शेजारी उभी होती. तिने विचारलं, “हा ठिपका का देतो हो आपण? मी आल्यापासून बघतेय, कुणी सांगतच नाही.” मी पेन्सिल खाली ठेवली. म्हटलं, आज हिला सगळं पहिल्यापासून सांगायचं... पालथा कागद, माझी चिठ्ठी, सगळं. मी सुरुवात केली, “हा ठिपका बाळारामने...”

आणि नुसतं नाव ऐकूनच तिला हसू आलं. तिने लगेच तोंडावर हात धरला, सॉरी म्हणाली, पण ते आवरेना.